एजंटसाहेबाचा बंगला

देगाव सोडलं की डाव्या हाताला
नीलगिरीच्या दोन रांगा, त्यांच्या टोकाला तो.
आता फाटकावर सोनेरी पाटी,
पाटीखाली फोन नंबर, त्याखाली झोपलेलं कुत्रं.
श्रावंती म्हणाली, अम्मा, फोटोत याहून छान दिसतो.
मी म्हटलं, फोटोत ऊन नसतं.

बिराजदार मॅनेजर पुढे, आम्ही मागे.
सागवानी जिना. हात फिरून फिरून गुळगुळीत झालेला कठडा.
भिंतीवर मिलच्या कसल्याशा समारंभाचा फोटो:
पहिल्या ओळीत हार, खुर्च्या, पांढरे बूट,
शेवटच्या ओळीत नुसतीच डोकी.
"सगळं जुनं, ओरिजिनल आहे," तो म्हणाला.
मी शेवटची ओळ बघत होते.
तिथं कोण असणार? बाप माझा सायझिंग खात्यात,
फोटो काढायचा म्हणून मशिन थोडंच थांबवतात.

पाहुणे चारशे म्हटल्यावर त्यानं मान हलवली,
सहाशे म्हटल्यावर जास्त प्रेमानं हलवली.
मला विचारायचं होतं ते वेगळंच.
बायकांना संडास किती,
मे महिन्यात बोअरला पाणी असतं का,
टँकर आला तर पैसे कोणाचे,
आणि माझ्या थोरल्या नणंदेला हा जिना चढवणार कोण.
श्रावंती खिडकीशी उभी.
रंगीत काचेतून तिच्या गालावर
हिरवा तुकडा पडला होता,
तिला तो ठाऊक नव्हता.

भाडं एका दिवसाचं एक लाख वीस हजार.
आकडा ऐकला आणि बोटं आपोआप चालू झाली,
पान, तंबाखू, वळण, दोरा.
हजाराला दोनशे धरले
तर सहा लाख विड्या.
दिवसाला हजार वळल्या तर सहाशे दिवस,
त्यात ताप नाही, सण नाही,
कारखान्यात छाट म्हणून बाजूला टाकलेल्या नाहीत.
दीड वर्षाहून जास्त मांडीवर सूप घेऊन बसायचं,
मग एक दिवस हा दरवाजा म्हणणार, या, बसा.

"यातले निम्मे माझ्या पगारातले," श्रावंती कुजबुजली.
तिला लहानपणापासून माझी बोटं वाचता येतात.

मग नियम आले.
आचारी त्यांचाच. मांडववाला त्यांचाच.
वाजंत्री रात्री दहाला बंद.
"आणि हळद आत नाही, मावशी, फरशीला डाग पडतो."
"जिरं-गूळ?" मी विचारलं.
त्याला कळेना.
मुहूर्ताला पोरगा-पोरगी एकमेकांच्या डोक्यावर ठेवतात, म्हटलं,
वाटून, विड्याच्या पानावर घेऊन.
थोडं सांडतं.
त्यानं वही चाळली. जिरं-गुळाचा नियम नव्हता.
"चालेल. पण आमच्याकडे मुंग्या नाहीत हं, अजिबात."
"येतील," मी म्हटलं. "त्यांना पत्रिका लागत नाही."

हळद मग घरीच. साखर पेठेत, बोळात, नळाशेजारी,
जिथं डाग पडायला फरशीच नाही.

मागच्या बाजूला, नोकरांच्या खोल्यांपाशी
एक कडुनिंब होता.
त्याच्याखाली पाय ठेवला आणि
सकाळपासून पहिल्यांदा पाठीचा घाम सुकला.
अख्ख्या बंगल्यात गार जागा ही एवढीच,
आणि जाहिरातीत तिचा फोटो नाही.
इथं दहा खुर्च्या टाका, मी सांगितलं,
आमच्या बायकांना. आणि एक माठ.
बिराजदारनं पेन काढलं.
इतका वेळ तो नुसता सांगत होता.

इसार पंचवीस हजार.
डब्यातून काढले मी,
पाचशेच्या नोटांचे दोन कट्टे,
पंचवीस आणि पंचवीस, दोऱ्यानं बांधलेले.
"रबर नाही का लावत?"
सोलापूरच्या उन्हात रबर टिकतं का, म्हटलं.
तो गाठ शोधत राहिला, इकडून, तिकडून,
दातांकडे नेली, मग श्रावंतीकडे बघून खाली घेतली.
मी हात पुढे केला.